चौथ्या मितीचे दार

मंडळी, सातवीच्या वर्गातला एखादा चुणचुणीत मुलगा एके दिवशी उभा राहतो आणि विचारतो, "गुरुजी, ह्या जगातून दुसऱ्या जगात जायचं यंत्र खरंच असतं का हो?" त्याने ते सिनेमात पाहिलेले असते, नाहीतर गोष्टीच्या पुस्तकात वाचलेले असते. एक दार उघडते, माणूस आत पाऊल टाकतो आणि भलत्याच मुलखात निघतो. सगळा वर्ग खो खो हसतो. आता गुरुजींनी काय सांगावे?

"खाली बस, आधी त्रैराशिक सोडव" असे म्हणणे सोपे आहे. "असतं बाबा, आपल्या पूर्वजांपाशी होतं" असे म्हणणे तर त्याहून सोपे. दोन्ही उत्तरांनी त्या पोराचे नुकसानच होते. पहिल्याने त्याचे कुतूहल मरते, आणि दुसऱ्याने त्याची बुद्धी आंधळी होते. खरे उत्तर असे आहे की, असे यंत्र कोणी कधी बनवलेले नाही. पण न बनवलेल्या ह्या यंत्राला जवळजवळ दीडशे वर्षांचा इतिहास आहे, आणि तो ऐकण्यासारखा आहे. आज तोच आपल्याला सांगणार आहे.

आधी 'मिती' म्हणजे काय ते उकलून घेऊ. मोटा आता गेल्या, पण जुन्या मंडळींना विहिरीवरची धाव आठवत असेल. मोटेचा बैल धावेवर पुढे जातो आणि मागे येतो. त्याला तेवढीच एक वाट. ही झाली एक मिती. सारवलेल्या अंगणातली मुंगी पुढे-मागे जाते, तशीच डावी-उजवीकडेही जाते. ह्या झाल्या दोन मिती. आणि चिमणी? ती ह्या दोन्ही दिशांना जाते, शिवाय वर उडते आणि खाली उतरते. ह्या झाल्या तीन. तुम्ही-आम्ही तीन मितींच्या जगात राहतो. लांबी, रुंदी आणि उंची सांगितली की आपली कणगी मोजून होते.

आता त्या मुंगीभोवती रांगोळीची एक गोल रेघ काढा, आणि ही रेघ म्हणजे मुंगीला भिंत आहे असे समजा. रेघेच्या आत गुळाचा खडा आहे. तेवढ्यात वरून चिमणी येते, खडा उचलते आणि भुर्रकन निघून जाते. मुंगी बिचारी काय म्हणेल? "रेघ कुठे मोडली नाही, दार कुठे उघडले नाही आणि गूळ गेला! नक्की भुताटकी!" चिमणीने तर काहीच जादू केलेली नाही. मुंगीला जी दिशा ठाऊकच नाही, त्या दिशेने ती आली आणि गेली.

हाच तर्क एक पायरी वर नेला की प्रश्न पडतो : आपल्याला ठाऊक नसलेली अशी चौथी दिशा असेल तर? मग बंद पेटीतली वस्तू पेटी न उघडता बाहेर काढता येईल, आणि कुलूप लावलेल्या खोलीतून माणूस निघून जाईल. सगळी मितीयाने, म्हणजे एका मितीच्या जगातून दुसऱ्यात नेणारी गोष्टीतली यंत्रे, ह्या एका कल्पनेतून निघाली आहेत.

शिक्षकबंधूंनी आणि भगिनींनी वर्गात करून दाखवावा असा एक छोटा प्रयोग सांगतो. कागदावर डाव्या पावलाचा ठसा काढा आणि कातरून घ्या. तो टेबलावर ठेवून कसाही फिरवा, सरकवा, गोल गोल वळवा. तो डाव्याच पायाचा राहील. आता तो टेबलावरून उचला आणि पालथा करून ठेवा. झाला उजव्या पायाचा! तिसऱ्या मितीतून एक फेरी मारली आणि डाव्याचे उजवे झाले. जर्मनीतल्या लाइपझिग शहरातले गणिती मोबियस यांनी १८२७ सालीच म्हटले होते की, चौथी मिती असती तर आपल्या जगातली भरीव वस्तूही अशीच उलटवता आली असती; म्हणजे डाव्या पायाची चप्पल उजव्या पायात घालता आली असती. पण तशी मिती आपल्याला लाभलेली नाही, म्हणून ते अशक्य आहे, असेही त्यांनी तेथेच सांगून टाकले. गणिताची ही शिस्त लक्षात ठेवा. कल्पना करावी, आणि ती कल्पना आहे हेही त्याच दमात सांगावे.

ही शिस्त सुटली की काय होते, ते त्याच लाइपझिगमध्ये पन्नास वर्षांनी दिसले.

हेन्री स्लेड नावाचा एक अमेरिकन इसम होता. मेलेल्यांचे आत्मे माझ्या पाटीवर निरोप लिहितात, असे तो सांगे आणि बैठकीचे पैसे घेई. १८७६ साली तो लंडनला आला. तेथे रे लँकेस्टर हे तरुण प्राणिशास्त्रज्ञ त्याच्या बैठकीला जाऊन बसले. आत्म्याने लिहायला सुरुवात करण्याआधीच त्यांनी त्याच्या हातातली पाटी हिसकावून घेतली. पाहतात तो मजकूर आधीच लिहून तयार! खटला झाला आणि स्लेडला तीन महिन्यांची सक्तमजुरी सुनावली गेली. अपिलात तो कायद्याच्या शब्दातल्या एका फटीतून सुटला आणि युरोपात निघून गेला.

पुढच्याच वर्षी तो लाइपझिगला पोचला. तेथे झोल्नर नावाचे खगोलशास्त्राचे प्राध्यापक होते. माणूस विद्वान होता, ताऱ्यांचे तेज मोजण्याच्या कामात त्यांचे नाव होते. चौथ्या मितीच्या कल्पनेने ते भारून गेलेले होते. त्यांनी एक दोरी घेतली, तिची दोन्ही टोके एकत्र करून त्यांवर लाखेची मोहोर उठवली. अशा बंद दोरीला गाठ मारता येत नाही. मारायची तर चौथ्या मितीतूनच मारावी लागेल, असा त्यांचा हिशेब. १८७७ च्या डिसेंबरात स्लेड समोर बसला, आणि दोरीला एक सोडून चार गाठी पडल्या! झोल्नर हरखून गेले. चौथ्या मितीत राहणारे जीव आहेत आणि त्यांनीच ह्या गाठी मारल्या, असे त्यांनी पुस्तकात छापून टाकले.

आता गंमत ऐका. झोल्नरांनी आणखी एक कसोटी तयार ठेवली होती. दोन वेगवेगळ्या लाकडांची, प्रत्येकी अखंड लाकडातून कोरलेली, दोन कडी. ती साखळीसारखी एकमेकांत अडकली असती, तर तो कायमचा पुरावा झाला असता. कारण दोरी बदलता येते, पण अखंड कडी एकमेकांत अडकवण्याची हातचलाखी जगात कोणाला साधणारी नाही. मग अडकली का ती? नाही अडकली. ती एका मेजाच्या पायाभोवती सापडली. मागितले एक आणि मिळाले दुसरेच. तरी प्राध्यापकमहाशय खूश! पुढे अमेरिकेत पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाने नेमलेल्या समितीने स्लेडची परीक्षा घेतली, आणि त्याचे प्रयोग ही निव्वळ हातचलाखी आहे असे १८८७ च्या आपल्या अहवालात लिहिले.

झोल्नरांची चूक कोठे झाली? त्यांना गणित येत नव्हते असे मुळीच नाही. गणित त्यांना उत्तम येत होते. पण तारा फसवत नाही, माणूस फसवतो, हे ते विसरले. त्या बैठकीला दुसरा प्राध्यापक बोलावण्यापेक्षा एखादा जत्रेतला जादूगार बोलावला असता तर बरे झाले असते. विद्वान माणूस फसत नाही, हा आपला मोठा गैरसमज आहे, मंडळी. विद्वान माणूस फसला की स्वतःच्या विद्वत्तेनेच त्या फसवणुकीला टेकू देतो.

चौथ्या मितीकडे जाणारे हे एक दार. आता दुसरे दार पाहू. आणि हे दुसरे दार उघडले एका हेडमास्तरांनी, हे ऐकून शिक्षकमंडळींना बरे वाटेल.

एडविन ॲबट हे लंडनमधल्या एका नामांकित शाळेचे मुख्याध्यापक. १८८४ साली त्यांनी 'फ्लॅटलँड' नावाचे एक लहानसे पुस्तक टोपणनावाने काढले. त्यात एक सपाट देश आहे. तेथले रहिवासी म्हणजे कागदावरच्या आकृत्या. त्यांच्यांत उतरंड मोठी कडक. ज्याला बाजू जास्त त्याचा मान जास्त. अरुंद त्रिकोण हे मजूर आणि शिपाई, चौकोन हे पांढरपेशे, अनेक बाजूंचे ते सरदार आणि वर्तुळे म्हणजे धर्माधिकारी. आणि बायका? त्यांना बाजूच नाहीत. त्या नुसत्या सरळ रेषा! जन्माने जो आकार मिळाला त्यावर सगळी प्रतिष्ठा. हा देश आपल्या ओळखीचा वाटतो की नाही?

ह्या देशातल्या एका चौकोनाकडे एक गोल, म्हणजे भरीव चेंडू, येतो. तो चौकोनाला वर उचलतो. वरून पाहताच त्या चौकोनाला सगळ्या घरांची आतली बाजू, कपाटांतल्या वस्तू, सारे एकदम दिसते. आजवर त्याने शेजाऱ्याची नुसती कड पाहिलेली. त्याला इतका आनंद होतो की तो गोलाला विचारतो, "महाराज, तुम्ही मला दोनातून तीनात आणलंत, तर आता आपण मिळून चौथ्या मितीत जाऊ या की!" ह्यावर गोलाने काय करावे? तो रागावतो! तिसऱ्या मितीपर्यंतचे ज्ञान देणारा हा गुरू, पण चौथीचा प्रश्न आला की त्याचाच तोल जातो, आणि तो चौकोनाला खाली लोटून देतो. खाली आलेला चौकोन लोकांना तिसरी मिती सांगू लागतो आणि तुरुंगात पडतो. मुख्याध्यापक ॲबट यांनी हा गोल कोणाकडे पाहून रंगवला असेल, हे मी सांगायला नको. आपल्यापैकी प्रत्येकाच्या आत तो थोडाफार आहे.

पण ह्या गोष्टीत अजून यंत्र आलेले नाही. गोलाने नुसते उचलले. यंत्र आणले ते एका कापडदुकानातल्या उमेदवाराने.

हर्बर्ट जॉर्ज वेल्स याचा जन्म १८६६ सालचा. बापाचे कपबशांचे एक न चालणारे दुकान. घर चालेना म्हणून आई एका जमीनदाराच्या वाड्यावर नोकरमाणसांवर देखरेख करणारी म्हणून राहिली. पोराला कापडदुकानात चिकटवले. दिवसाचे तेरा तास काम आणि रात्री बाकीच्या पोरांबरोबर एका लांबलचक खोलीत झोप. दोन वर्षे त्याने हे सोसले. मग एका रविवारी हा मुलगा सतरा मैल पायी चालत आईकडे गेला आणि म्हणाला, "मी हे करणार नाही." मिडहर्स्ट गावच्या शाळेचे हेडमास्तर होरेस बायट यांनी त्याला आधी शिकवले होते. त्यांनी त्याला पदरात घेतले. दिवसा धाकट्यांना शिकवायचे आणि बाकीच्या वेळात स्वतः शिकायचे. त्यातून त्याला शिष्यवृत्ती मिळाली, आणि १८८४ साली तो लंडनच्या विज्ञान महाविद्यालयात थोर जीवशास्त्रज्ञ हक्स्ली यांच्या वर्गात जाऊन बसला. एका हेडमास्तराने एक पोरगा दुकानातून उचलला, म्हणून जगाला एक लेखक मिळाला.

त्या महाविद्यालयातल्या वादसभेत चौथ्या मितीची चर्चा त्याच्या कानावर पडली. तेव्हा त्याच्या मनात आले की, ही चौथी मिती म्हणजे 'काळ'च धरली तर? विहिरीची खोली आपण उतरू शकतो, डोंगराची उंची चढू शकतो; तसे कालच्या दिवसात उतरता आणि उद्याच्या दिवसावर चढता का येऊ नये? १८८८ साली त्याने महाविद्यालयाच्या मासिकात ह्यावर एक कच्ची गोष्ट लिहिली. ती त्याला आवडेना. पुन्हा लिहिली, पुन्हा मोडली. शेवटी १८९५ साली 'द टाइम मशीन' हे पुस्तक निघाले. गोष्टीतला माणूस एका यंत्राच्या खोगिरावर बसतो. यंत्र निकेलचे, हस्तिदंताचे आणि स्फटिकाचे. एक दांडी पुढे नेणारी, एक मागे आणणारी. बस्स. यंत्र चालते कसे, ह्याबद्दल वेल्स फार बोलतच नाही, आणि त्यातच त्याची हुशारी आहे.

तो प्रवासी जातो कोठे? इसवी सन ८,०२,७०१ मध्ये. तेथे माणसांच्या दोन जाती झालेल्या असतात. जमिनीवर नाजूक, सुंदर, काहीही काम न करणारी माणसे. आणि जमिनीखाली अंधारात यंत्रे चालवणारी, पांढरीफटक पडलेली, रात्री वर येऊन त्या नाजूक माणसांना मारून खाणारी माणसे. वाचणाऱ्याच्या अंगावर काटा येतो. पण वेल्सला हे सुचले कोठून? ज्या वाड्यात त्याची आई कामाला होती, तेथे नोकरांचे सारे राबणे तळघरात चाले. मालकांच्या नजरेस पडू नये म्हणून त्यांनी भुयारी वाटांनी ये-जा करायची. पोरगेल्या वेल्सने ते तळघर डोळ्यांनी पाहिले होते. आठ लाख वर्षे पुढे जाऊन त्याने दाखवले ते आपल्या आईचे तळघर! मालक वर आणि राबणारे खाली, हे असेच चालू राहिले तर शेवट काय होईल, हा प्रश्न त्याला त्याच वेळच्या इंग्लंडला विचारायचा होता. साधा लेख लिहिला असता तर कोणी वाचला नसता. म्हणून यंत्र.

पुढल्याच वर्षी, १८९६ साली, वेल्सने मास्तरांवर एक गोष्ट लिहिली. प्लॅटनर नावाचे शिक्षक मुलाने आणलेली कसलीशी हिरवी पूड जाळून पाहतात. स्फोट होतो आणि मास्तर अदृश्य! नऊ दिवसांनी परत येतात तो त्यांचे हृदय उजव्या बाजूला आणि सारे डाव्याचे उजवे झालेले. ओळखलेत ना? मोबियसची चप्पल ती हीच.

एक योगायोग सांगून ठेवतो. स्लेडची पाटी हिसकावणारे जे लँकेस्टर, तेच पुढे वेल्सचे स्नेही झाले, आणि वेल्सने १९२० साली जगाचा मोठा इतिहास प्रसिद्ध केला तेव्हा सल्ला देणाऱ्यांत ते होते. भोंदूला पकडणारा आणि कल्पनेचे यंत्र बनवणारा एकाच मेजाशी बसले. त्यात विसंगती काहीच नाही. वेल्सने कधी म्हटले नाही की माझे यंत्र खरे आहे, येऊन पैसे भरा आणि बसा.

वेल्सनंतर ह्या यंत्राचा कारखानाच निघाला म्हणा ना. इकडे शास्त्रही स्वस्थ नव्हते. आइन्स्टाइनने १९०५ साली सापेक्षतेचा सिद्धांत मांडला. १९०८ साली मिंकोव्स्की ह्या गणितज्ञाने अवकाश आणि काळ मिळून चार मितींचे एकच विश्व कसे होते, ते दाखवले. १९३५ साली आइन्स्टाइन आणि रोझेन यांच्या समीकरणांतून अवकाशाच्या दोन पदरांना जोडणारा एक पूल निघाला. त्यालाच पुढे इंग्रजीत किडीच्या बिळाचे नाव पडले. आपण कृमिविवर म्हणतो. सफरचंदाच्या सालीवरून पलीकडे जाण्यापेक्षा किडा आतून पोखरत जातो, तशी जवळची वाट. गोष्टी लिहिणाऱ्यांना आयतेच दार सापडले! पण १९६२ साली हिशेब करून दाखवण्यात आले की, हा पूल इतक्या झटक्यात मिटतो की प्रकाशाचा किरणही पार होत नाही. दुसऱ्याच वर्षी, २३ नोव्हेंबर १९६३ रोजी, बीबीसीच्या दूरदर्शनवर एक निळी पोलीसचौकी आली. बाहेरून कपाटाएवढी आणि आत वाड्याएवढी. तिच्यात बसून एक डॉक्टर काळातून आणि विश्वातून हिंडतो. शास्त्राने दार मिटवले, गोष्टीने ते उघडे ठेवले.

आणि मग एकदा गोष्टीनेच शास्त्राला कामाला लावले. अमेरिकेतले खगोलशास्त्रज्ञ कार्ल सेगन एक कादंबरी लिहीत होते. नायिकेला दूरच्या ताऱ्याकडे पाठवायचे होते. उगाच खोटे लिहायला नको म्हणून १९८५ साली त्यांनी आपले मित्र किप थॉर्न यांना वाट विचारली. थॉर्न यांनी हिशेब मांडला : कृमिविवर उघडे ठेवायचे तर त्यात उणे ऊर्जेचे काहीतरी विलक्षण द्रव्य भरावे लागेल. असे द्रव्य पुरेसे मिळते का, हे कोणी दाखवलेले नाही, आणि असे विवर कोणी पाहिलेले नाही. पण थॉर्न आणि त्यांचे विद्यार्थी मॉरिस यांनी १९८८ साली त्यावर एक लेख लिहिला, तो पदार्थविज्ञानाच्या शिक्षकांसाठी निघणाऱ्या नियतकालिकात. सापेक्षता शिकवण्याचे एक साधन, असे त्याच्या शीर्षकातच म्हटले होते. कल्पनेतले यंत्र अखेर कोठे पोचले? शाळेच्या फळ्यापाशी.

आता आपल्या घरी येऊ. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत नारायण विनायक जगताप ह्या नावाने एक कथा आली, 'कृष्णविवर'. तिला पहिले बक्षीस मिळाले, आणि मग कळले की हे जगताप म्हणजे खुद्द डॉ. जयंत विष्णु नारळीकर! नावाची आद्याक्षरे उलटी करून त्यांनी टोपणनाव घेतले होते. नावावर भुलून बक्षीस देऊ नका, मजकूर तपासा, हाच त्याचा अर्थ. कोल्हापूरचा जन्म, केंब्रिजचे शिक्षण, पुण्याच्या आयुका संस्थेची उभारणी आणि २० मे २०२५ रोजी निधन. हा थोर खगोलशास्त्रज्ञ आपल्याला मराठीत मितीयानाच्या गोष्टी सांगून गेला.

त्यांची एक कथा आहे, 'उजव्या सोंडेचा गणपती'. उजव्या सोंडेचा गणपती कडक, त्याचे सोवळे मोठे, असे आपण मानतो. नारळीकरांच्या कथेत डाव्या सोंडेचा गणपती उजव्या सोंडेचा होतो, पण देव कोपल्याने नव्हे. अवकाशातून पीळ घेऊन फिरून आल्याने. मोबियसची तीच चप्पल, प्लॅटनर मास्तरांचे तेच हृदय, आणि आता आपल्या देव्हाऱ्यातली मूर्ती. दुसऱ्या एका कथेत इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत ट्रकची धडक बसून अशा जगात पोचतात की, जेथे १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर गोळी विश्वासरावांच्या कानाजवळून निघून गेली आणि मराठे जिंकले. आपण दोनशे वर्षे ज्या जखमेवर हात ठेवून बसलो, ती जखमच नसलेले जग! पण गंगाधरपंत तेथे राहत नाहीत. ते परत येतात.

आणि हेच नारळीकर पुढे काय करतात पाहा. डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि इतर सहकाऱ्यांबरोबर त्यांनी ज्योतिषाची कसोटी घेतली. १०० हुशार आणि १०० गतिमंद मुलांच्या पत्रिका गोळा केल्या. प्रत्येक ज्योतिष्याला ४० पत्रिका पाठवल्या आणि विचारले, ह्यात हुशार कोण आणि गतिमंद कोण ते सांगा. २७ ज्योतिष्यांनी उत्तरे पाठवली. बरोबर किती आली? शेकड्याला सरासरी ४६. नाणे उडवून उत्तर दिले असते तरी शेकड्याला ५० बरोबर येतात! हा निकाल २००९ साली छापून आला. पुढे २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात दाभोलकरांची हत्या झाली, आणि त्याच वर्षी महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा झाला. मंडळी, हा विषय केवळ करमणुकीचा नाही, तो असा जिवावरचा आहे.

कारण स्लेड काही मेलेला नाही. तो आजही गावात येतो. पूर्वी तो पाटी घेऊन येई, आता 'ऊर्जा', 'लहरी', 'क्वांटम' असे शब्द घेऊन येतो. शेतात पुरलेले धन दाखवतो, गेलेल्या बापाचा निरोप सांगतो, मुलीच्या अंगातली बाधा काढतो. गोष्ट सांगणाराही अद्भुतच सांगतो आणि हाही अद्भुतच सांगतो. मग ओळखायचे कसे? मी तीन खुणा सांगतो. गोष्ट सांगणारा म्हणतो, ही गोष्ट आहे. तो म्हणतो, हे सत्य आहे. गोष्ट सांगणारा म्हणतो, प्रश्न विचारा. तो म्हणतो, शंका घेतलीत तर फळ मिळणार नाही. आणि गोष्ट ऐकून झाली की तुम्ही आपल्याच घराकडे नव्या डोळ्यांनी पाहता; त्याच्या दारातून परत आलात की घरातले काहीतरी कमी झालेले असते. कधी पैसा, कधी दागिना, कधी लेकीचे हसू.

तेव्हा गुरुजी, बाई, तो सातवीतला मुलगा पुन्हा उभा राहिला तर त्याला खाली बसवू नका. कातरलेले कागदी पाऊल त्याच्या हातात द्या. ते उलटवून दाखवा. म्हणावे, "यंत्र नाही रे बाळ, अजून नाही. पण समज असतं, तर तू कुठे गेला असतास? आणि तिथून आपलं गाव तुला कसं दिसलं असतं?" मग मात्र तो काय सांगतो ते नीट ऐका. कदाचित तो म्हणेल की, वरून पाहिले तेव्हा वेशीबाहेरची घरे वेगळी दिसलीच नाहीत. कदाचित म्हणेल, आईला तळघरात पाहिले, पहाटे चारपासून चुलीपुढे. आणि कदाचित तो असा काही प्रश्न विचारील की ज्याचे उत्तर तुमच्याकडे नसेल. तेव्हा फ्लॅटलँडमधल्या त्या गोलासारखे रागावू नका. "चल, दोघं मिळून शोधू" एवढेच म्हणा.